जुन्या हस्तसंचातील नवा डाव : ‘पोकेमॉन रेड’ आणि इतवारीतील पुनरारंभाच्या दोन रूढी

प्रस्तावना

व्हिडिओ गेम हा प्रकार मराठी समीक्षेच्या कक्षेत अद्याप पुरेसा आलेला नाही. त्याची चर्चा झालीच तर ती मुलांच्या अभ्यासावर, डोळ्यांवर किंवा वर्तनावर होणाऱ्या परिणामांच्या अंगाने होते. कादंबरी किंवा चित्रपट यांची चिकित्सा रचना, काळ आणि अर्थ या अंगांनी होते, तशी एखाद्या खेळाची क्वचितच होते. प्रस्तुत लेखात अशी चिकित्सा एका मर्यादित प्रश्नापुरती केली आहे. जुन्या हस्तसंचावरील खेळ पूर्ण झाल्यानंतर, कित्येक वर्षांनी, तोच खेळ पुन्हा पहिल्यापासून सुरू करण्याच्या कृतीचे स्वरूप काय, हा तो प्रश्न होय. त्यासाठी ‘पोकेमॉन रेड’ हा खेळ निवडला आहे. पुनरारंभाचा अर्थ स्पष्ट व्हावा म्हणून नागपुरातील इतवारी या व्यापारी वस्तीत रूढ असलेल्या पुनरारंभाच्या दोन पद्धतींशी त्याची तुलना केली आहे. दिवाळीतील वहीपूजन ही त्यातील पहिली पद्धत आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी निघणारी मारबत ही दुसरी.

ही तुलना वरवर पाहता दूरान्वयाची वाटेल. परंतु खेळाचा विचार खेळाबाहेरच्या रूढींशी जोडून करण्याची परंपरा जुनी आहे. योहान हायझिंगा यांनी १९३८ साली ‘होमो लुडेन्स’ या ग्रंथात खेळाची जी लक्षणे सांगितली, त्यात स्थलकालाची निश्चित मर्यादा आणि नियमबद्धता यांच्याबरोबरच पुनरावर्तनक्षमता हेही एक लक्षण आहे. एकदा खेळला गेलेला खेळ पुन्हा खेळता येतो. सण आणि विधी यांच्याशी त्याचे असलेले साम्य त्यांनी याच संदर्भात दाखविले. मराठीतील ‘डाव’ हा शब्दही हेच सुचवितो. डाव मांडला जातो, रंगतो, मोडतो आणि पुन्हा मांडला जातो.

स्मृती नसलेला खेळ आणि स्मृती असलेला खेळ

निन्टेन्डो या जपानी कंपनीने ‘गेम बॉय’ हा हस्तसंच १९८९ साली बाजारात आणला. त्याच्या निर्मितीशी गुनपेई योकोई यांचे नाव निगडित आहे. चार पेन्सिल सेलवर चालणाऱ्या या संचाचा पडदा एकरंगी होता. अनेक देशांत त्याच्यासोबत दिला गेलेला खेळ म्हणजे ‘टेट्रिस’. अलेक्सी पाजित्नोव यांनी १९८४ साली मॉस्कोत रचलेल्या या खेळाच्या स्वस्त नकला पुढे ‘ब्रिक गेम’ या नावाने भारतातील बाजारांत आल्या. नव्वदच्या दशकात मध्यमवर्गीय घरांत दिसणारा हस्तसंच बहुधा हाच होता. वेष्टनावर हजारो खेळांचा दावा असे. प्रत्यक्षात मोजकेच खेळ वेग आणि पातळी बदलून पुन्हापुन्हा येत.

ब्रिक गेममध्ये डाव जतन करण्याची सोय नसे. विटा वरपर्यंत साचल्या की डाव संपे आणि पुढचा डाव शून्यापासून सुरू होई. तेथे पुनरारंभाला विशेष अर्थ नव्हता, कारण पुनरारंभाखेरीज दुसरे काही शक्यच नव्हते. जे टिकत नाही ते पुसण्याचा प्रश्नही उद्भवत नाही.

‘पोकेमॉन’ची स्थिती याहून वेगळी आहे. सातोशी ताजिरी आणि ‘गेम फ्रीक’ या संस्थेने तयार केलेले या मालिकेतील पहिले दोन खेळ, ‘रेड’ आणि ‘ग्रीन’, २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानमध्ये प्रकाशित झाले. ‘रेड’ आणि ‘ब्लू’ या इंग्रजी आवृत्त्या १९९८ साली अमेरिकेत आल्या. खेळ ज्या कार्ट्रिजमध्ये असे, त्याला आपल्याकडील मुले ‘कॅसेट’ म्हणत. या कॅसेटमध्ये खेळाचा आराखडा कायमस्वरूपी कोरलेला असे. खेळाडूची प्रगती मात्र ३२ किलोबाइटच्या अस्थिर स्मृतीत राही, आणि ही स्मृती जिवंत ठेवण्याचे काम आत डाख देऊन बसविलेली नाण्याच्या आकाराची लिथियम बॅटरी करी. या स्मृतीत एकाच डावाला जागा होती. एका कॅसेटमध्ये एक खेळाडू, एक नाव आणि एकच प्रवास मावे. प्रस्तुत विवेचनाच्या दृष्टीने ही तांत्रिक मर्यादा सर्वांत महत्त्वाची आहे. नवा डाव जतन करावयाचा असेल तर जुना पुसावाच लागतो.

निर्णयाचा क्षण

खेळ सुरू केल्यावर ‘पुढे चालू’ आणि ‘नवा खेळ’ असे पर्याय समोर येतात. ‘पुढे चालू’ निवडल्यास चार बाबींची नोंद दिसते : खेळाडूचे नाव, मिळविलेले बिल्ले, पोकेडेक्समध्ये नोंदविलेल्या प्राण्यांची संख्या आणि खेळात गेलेला वेळ. एका बालपणाचा हा चार ओळींचा ताळेबंद आहे असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

‘नवा खेळ’ निवडल्यावर काय घडते, हे बारकाईने पाहणे आवश्यक आहे. जुनी नोंद त्याच क्षणी पुसली जात नाही. खेळाडू नवे नाव धारण करतो, प्रतिस्पर्ध्याला नाव देतो, पॅलेट टाउन या गावातील आपल्या खोलीतून खाली येतो, प्राध्यापक ओक यांच्याकडून पहिला प्राणी घेतो आणि गावाबाहेर पडतो. या सर्व काळात जुना डाव बॅटरीच्या आधारे सुरक्षितच असतो. संच बंद केला तर नवा प्रवास नाहीसा होईल आणि जुना जसाच्या तसा राहील. खेळाडू नवा डाव प्रथमच जतन करू पाहतो, तेव्हा मात्र पूर्वीची नोंद पुसली जाईल अशी सूचना देऊन यंत्र त्याची संमती मागते.

या रचनेमुळे पुनरारंभाचा निर्णय दोन टप्प्यांत विभागला जातो. पहिला टप्पा इच्छेचा आणि दुसरा त्यागाचा आहे. दोहोंच्या मध्ये काही मिनिटांचा किंवा काही तासांचा असा अवकाश असतो की ज्यात दोन्ही प्रवास एकाच वेळी अस्तित्वात असतात. एक स्मृतीत आणि दुसरा पडद्यावर. बहुधा तांत्रिक सोयीतून निर्माण झालेला हा अवकाश सौंदर्यदृष्ट्या या खेळातील सर्वांत अर्थपूर्ण जागा ठरतो. कोणत्याही कथाभागापेक्षा येथे खेळाडूवर अधिक जबाबदारी येते, कारण येथे पणाला लागलेली वस्तू कल्पित नसते. पुसले जाणारे तास त्याने प्रत्यक्ष जगलेले असतात.

पुनरारंभाची गरज कोठून उद्भवते

नवा डाव मांडण्याची प्रेरणा केवळ गतकातरतेतून येते असे मानणे अपुरे ठरेल. तिची बीजे खेळाच्या रचनेतच आहेत. प्रारंभी बल्बासॉर, चारमँडर आणि स्क्वर्टल या तिघांपैकी एकाची निवड करावी लागते. उरलेल्या दोघांपैकी कोणीही त्या डावात खेळाडूला पुन्हा सापडत नाही. पुढे दोन जीवाश्मांपैकी एक आणि दोन लढवय्या प्राण्यांपैकी एकच घेता येतो. ईव्ही हा प्राणीही एकच मिळतो आणि त्याला तीन रूपांपैकी एकच रूप देता येते. प्रत्येक निवडीबरोबर एक शक्यता बंद होते. मित्रा-मित्रांनी दोन संच तारेने जोडून प्राण्यांची देवाणघेवाण करावी, हा यामागील हेतू होता. लहानपणीचा कीटक जमविण्याचा छंद आणि दोन संचांना जोडणारी तार यांतून ही कल्पना सुचल्याचे ताजिरी यांनी सांगितले आहे.

देवाणघेवाणीसाठी मात्र दोन संच, दोन कॅसेट आणि एक तार लागते. भारतातील मध्यमवर्गीय वस्त्यांत एक संच असणे हीच दुर्मीळ गोष्ट होती. २००३ पासून कार्टून नेटवर्क वाहिनीवर ‘पोकेमॉन’ मालिका दाखविली जाऊ लागली आणि मुलांना त्यातील प्राणी नावानिशी ठाऊक झाले. तथापि मूळ संच आणि मूळ कॅसेट फार थोड्यांच्या हाती पडल्या. नकली कॅसेटही बऱ्याच फिरत असत. त्यांतील काहींत जतन केलेला डाव टिकतच नसे. ज्याच्याजवळ एकच संच होता, त्याला न निवडलेला प्राणी पाहण्यासाठी एकच मार्ग उरे, तो म्हणजे नव्याने सुरुवात करणे. समृद्ध समाजात जे काम देवाणघेवाणीने होई, ते येथे विसर्जनाने करावे लागे. जुन्या डावातील आवडता प्राणी नव्या डावात न्यायचा तर तो आधी दुसऱ्याच्या कॅसेटमध्ये ठेव म्हणून पाठवावा लागतो आणि मग परत आणावा लागतो. त्यासाठीही दुसरा संच हवाच. म्हणून एकट्या खेळाडूच्या बाबतीत पुनरारंभ हा संपूर्ण त्यागच ठरतो.

दुसरे कारण शेवटाशी संबंधित आहे. अंतिम विजयानंतर खेळाडूच्या संघाची कीर्तिदालनात नोंद होते आणि पुन्हा खेळ सुरू केल्यावर तो आपल्या गावी परतलेला असतो. एखादी गुहा उघडते, मेवटू हा प्राणी पकडता येतो. मात्र त्यानंतर त्या जगात करण्यासारखे फारसे उरत नाही. तेथील माणसे तीच वाक्ये बोलत राहतात. हे साफल्यानंतरचे रितेपण आहे, आणि खेळापाशी त्यावर कोणताही उपाय नाही. ही या खेळाची खरी उणीव होय. ज्या जगाने खेळाडूला इतके गुंतविले, त्या जगाला त्याच्या विजयाचे पुढे काय करावे हे कळत नाही.

इतवारीतील दोन पद्धती

नागपुरातील इतवारी, बुधवारी, मंगळवारी, शुक्रवारी ही नावे वारांवरून पडलेली आहेत. इतवारी ही धान्य, किराणा, कापड, भांडी आणि सोने-चांदी यांच्या व्यापाराची जुनी पेठ आहे. तेथील पेढ्यांवर लक्ष्मीपूजनाच्या दिवशी नव्या वह्यांची पूजा होते. लाल कापडी बांधणीच्या वहीच्या पहिल्या पानावर ‘श्री’ लिहिले जाते, शुभ-लाभ लिहिले जाते आणि नव्या वर्षाचा जमाखर्च सुरू होतो. हा पुनरारंभ खरा आहे. पान कोरे असते आणि शाई नवी असते. मात्र पहिली नोंद कोरी नसते. मागील वहीची अखेरची शिल्लक ही नव्या वहीची आरंभीची शिल्लक असते. येणे आणि देणे दोन्ही पुढे ओढले जाते. जुनी वही फाडली जात नाही. ती बांधून माळ्यावर ठेवली जाते, कारण एखाद्या तंट्यात किंवा तपासणीत तिची साक्ष लागते. आज हिशेब संगणकावर आले, १ जुलै २०१७ पासून वस्तू व सेवा कराची व्यवस्था आली. तरी शिल्लक पुढे नेण्याचे तत्त्व बदललेले नाही.

त्याच पेठेत दुसरी एक पद्धत आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, काळी आणि पिवळी अशा दोन मारबतींच्या मिरवणुका निघतात. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात सुरू झालेली ही परंपरा नागपूरची ओळख बनली आहे. त्यांच्यासोबत निघणारे बडगे त्या त्या वर्षीच्या महागाई, भ्रष्टाचार, रोगराई अशा विषयांवर टीका करतात. गावातील ईडापीडा मारबतीने आपल्याबरोबर न्यावी अशा आरोळ्या दिल्या जातात आणि अखेरीस तिचे दहन होते. पुढच्या वर्षी तीच मारबत पुन्हा घडविली जाते. रूप तेच असते, शरीर नवे असते. येथे काहीही पुढे ओढले जात नाही. मागील वर्षाचे ओझे जाळणे हाच या पुनरारंभाचा हेतू असतो.

एकाच पेठेतील माणसे या दोन्ही पद्धती पाळतात. पोळ्याच्या पाडव्याला ते जाळून मोकळे होतात आणि दिवाळीला शिल्लक पुढे नेतात. यात विसंगती नाही. काय जाळावे आणि काय पुढे न्यावे याचा हा विवेक आहे.

तुलना

व्हिडिओ गेमच्या इतिहासात वहीपूजनाला समांतर अशी पद्धत आहे. १९९५ साली आलेल्या ‘क्रोनो ट्रिगर’ या खेळाने खेळ संपविणाऱ्याला त्याची कमावलेली शक्ती आणि साधने घेऊन पुन्हा आरंभापासून खेळण्याची मुभा दिली. तेथे आरंभीची शिल्लक असते. ‘पोकेमॉन रेड’मध्ये ती नाही. नव्या डावाला यंत्र नवा ओळख-क्रमांक देते आणि जुन्या क्रमांकाशी त्याचा काहीही संबंध नसतो. देवाणघेवाणीने आलेल्या प्राण्यावरही त्याच्या मूळ मालकाचाच क्रमांक राहतो. तो अधिक वेगाने अनुभव मिळवितो, परंतु पुरेसे बिल्ले मिळेपर्यंत नव्या मालकाची आज्ञा पाळत नाही. आपलाच जुना प्राणी आपल्याला परका मानतो, ही या खेळाने नकळत निर्माण केलेली एक अत्यंत सूचक परिस्थिती आहे.

मग हा पुनरारंभ मारबतीसारखा आहे काय? अंशतः तो तसा आहे. रूप तेच राहते आणि शरीर नष्ट होते. परंतु मारबतीबरोबर जे जाळले जाते ते नको असलेले असते. येथे जे पुसले जाते ते प्रिय असते. शिवाय यंत्रातील स्मृती रिकामी झाली तरी खेळाडूची स्मृती रिकामी होत नाही. कोणत्या गुहेत कोणती वाट आहे, कोणत्या प्रतिस्पर्ध्यापुढे कोणता प्राणी चालेल, हे तो जाणतो. शिल्लक पुढे ओढली जाते ती वहीत नव्हे, तर वही लिहिणाऱ्यामध्ये. म्हणून या कृतीत दोन्ही पद्धतींचे अंश एकत्र आलेले दिसतात. जगाचे दहन होते, ज्ञानाची शिल्लक उरते.

या शिल्लकेमुळे दुसरा डाव पहिल्याची नक्कल राहत नाही. बा. सी. मर्ढेकर यांनी सौंदर्याच्या घटनेत संवाद, विरोध आणि समतोल अशा लयीच्या तीन तत्त्वांचा विचार केला. त्याचा आधार येथे घेता येतो. दुसऱ्या डावात ओळखीच्या नकाशाचा आठवणीशी संवाद घडतो. नव्या निवडीमुळे विरोध निर्माण होतो. पहिल्या डावात स्क्वर्टल घेतलेल्याला ब्रॉकचे खडक-प्रकारातील प्राणी सहज जिंकता आले असतील. चारमँडर घेतल्यावर तीच लढत कठीण होते. आणि अनुभवाने आलेली सफाई व नव्या अडचणी यांच्यात खेळाडूला समतोल साधावा लागतो. पहिल्या डावात जे केवळ कुतूहल होते, ते दुसऱ्यात घाट बनते.

तथापि या घाटाचे श्रेय सर्वस्वी खेळाला देता येणार नाही. प्रतिस्पर्ध्याची वाक्ये तीच राहतात, प्राण्यांची पातळी वाढविण्यासाठी कराव्या लागणाऱ्या त्याच त्या लढती कंटाळवाण्या होतात आणि खेळाडू जाणता झाला आहे याची कोणतीही दखल खेळ घेत नाही. ही उणीव खेळाडूंनी स्वतः भरून काढली. निक फ्रँको यांनी २०१० साली ‘पोकेमॉन रुबी’ खेळताना स्वतःवर काही बंधने घालून घेतली आणि त्यावर चित्रकथा काढली. बेशुद्ध झालेला प्राणी मृत मानायचा आणि प्रत्येक प्रदेशात प्रथम भेटेल तोच प्राणी पकडायचा, असे हे नियम ‘नझलॉक’ या नावाने जगभर रूढ झाले. आपल्याकडील नेम किंवा व्रत यांच्याशी त्यांचे नाते उघड आहे. कोणी सक्ती केलेली नसते, मोडल्यास कोणी शिक्षाही करीत नाही. तरी ते पाळल्याने नित्याच्या कृतीला गांभीर्य येते.

जतन आणि परिणाम यांतील पेच

आज हे खेळ बहुसंख्य खेळाडू मूळ संचावर खेळत नाहीत. संगणकावरील आणि मोबाइलवरील एम्युलेटरमध्ये डाव कोणत्याही क्षणी गोठविता येतो, त्याच्या हव्या तितक्या प्रती ठेवता येतात. नव्या डावासाठी जुना पुसावा लागत नाही. वर वर्णन केलेला निर्णयाचा क्षण तेथे उरत नाही. ज्याची किंमत नाही असा पुनरारंभ पुन्हा ब्रिक गेमच्या पातळीवर येतो.

याची दुसरी बाजूही ध्यानात घेतली पाहिजे. मूळ कॅसेटमधील बॅटरी कायमची नाही. पंचवीस वर्षांनंतर अनेक कॅसेटमधील डाव खेळाडूने काहीही न करताच नाहीसे झाले आहेत. ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ या १९९९ सालच्या पुढील खेळांत घड्याळही त्याच बॅटरीवर चालत असल्याने ती अधिक लवकर संपते. जो खेळाडू त्यागाचे मूल्य जपण्यासाठी जुन्या डावाची प्रत घेत नाही, त्याचा जुना डाव अखेरीस त्यागाविनाच जाणार आहे. एखादी वस्तू स्वेच्छेने सोडणे आणि ती दुर्लक्षामुळे हरवणे यांत नैतिक अंतर आहे. बॅटरी संपल्यावर हे अंतर पुसले जाते.

या पेचाचे उत्तर इतवारीच्या पेढीवरील व्यवहारात सापडते. जुनी वही माळ्यावर जपून ठेवलेली असते म्हणून नव्या वहीचे पावित्र्य कमी होत नाही, कारण जुन्या वहीत पुन्हा नोंद केली जात नाही. तिचे वर्ष संपलेले असते. त्याचप्रमाणे जुन्या डावाची प्रत घेऊन ती बंद ठेवता येते. परिणामाचे गांभीर्य वस्तू नष्ट होण्यावर अवलंबून नसते. ती पुन्हा न उघडण्याच्या निश्चयावर ते अवलंबून असते. यंत्राने लादलेली मर्यादा जेथे संपते, तेथे खेळाडूने स्वतः पाळलेली मर्यादा सुरू होते.

समारोप

वरील विवेचनावरून काही निष्कर्ष काढता येतात. ‘पोकेमॉन रेड’मधील पुनरारंभाला अर्थ प्राप्त होतो तो प्रामुख्याने एकाच डावापुरत्या स्मृतीमुळे, येथे तांत्रिक अभावच आशयाचा घटक बनला आहे. पुनरारंभाची प्रेरणा खेळातील एकदाच करता येणाऱ्या निवडींतून आणि विजयानंतरच्या रितेपणातून येते, आणि जेथे दुसरा संच दुर्मीळ होता अशा आपल्यासारख्या समाजात ती अधिक तीव्र होते. हा पुनरारंभ मारबतीप्रमाणे जग नष्ट करतो आणि वहीप्रमाणे ज्ञानाची शिल्लक पुढे नेतो. शेवटी, एम्युलेटरच्या काळात त्याचे मूल्य टिकवायचे असेल तर ते खेळाडूच्या नेमावरच टिकेल.

अध्यापनाच्या दृष्टीनेही याचे महत्त्व आहे. आजच्या महाविद्यालयीन विद्यार्थ्याने कादंबरी वाचण्यापूर्वी कित्येकदा एखादे जग खेळून संपविलेले आणि पुन्हा सुरू केलेले असते. कथानक, निवड, परिणाम आणि शेवट या संकल्पनांशी त्याचा पहिला परिचय तेथेच झालेला असतो. तो परिचय वर्गाबाहेर ठेवण्यात शिक्षकाचा कोणताही लाभ नाही. नवी वही उघडताना मागची शिल्लक तपासून पाहावी, हा पेठेतील साधा नियम साहित्याच्या वर्गालाही लागू पडणारा आहे.